नको म्हणायची रीत

आयुष्यभर मी 'नाही' ऐकण्याचा पगार घेतला. माझ्या नोकरीचं याहून खरं वर्णन मला तरी सुचत नाही. व्यापाराच्या वाटाघाटी म्हटलं की लोकांच्या डोळ्यांपुढे काय काय उभं राहतं देव जाणे. माझी सून परवा म्हणाली, "बाबा, एवढे देश फिरलात, मोठमोठ्या माणसांसमोर बसलात, ते लिहा ना." काय लिहू, कपाळ? बंद खिडक्यांच्या खोल्या, गार झालेली कॉफी, आणि टेबलापलीकडे माझ्याइतकाच दमलेला कुणीतरी, जो त्याच्या सरकारने पढवून पाठवलेलं 'नाही' मला ऐकवतो. मग मी माझ्या सरकारचं 'नाही' त्याला ऐकवतो. मग दोघेही जेवायला जातो. एका कलमातल्या अर्ध्या ओळीवरून महिने गेलेले मी पाहिले आहेत. ती अर्धी ओळ आता कुठल्या कपाटात धूळ खात पडली असेल ती असो. दमायला झालंय हे खरं. आणि तेव्हाही दमायलाच व्हायचं, फक्त तेव्हा तसं म्हणायची सोय नव्हती.

तेव्हा त्यातलं मी काही लिहिणार नाही. पण त्या धंद्यात जे काही थोडंफार मला कळत होतं, ते मी कुठल्या प्रशिक्षणात शिकलो नाही. ते ग्वाल्हेरला, आमच्याच घरात, एका हिवाळ्यात शिकलो. त्याची किंमत मी मोजली नाही, ताईने मोजली. ताई अजून आहे, ग्वाल्हेरलाच आहे, चष्मा लावून सगळं वाचते. हे वाचलं तर मला दोन शब्द ऐकवील. ऐकवू दे. आता तिच्याशिवाय मला ऐकवणारं उरलंय कोण?

आम्ही शहराच्या लश्कर भागात राहायचो, महाराज बाड्याकडून कंपूकडे जाताना लागणाऱ्या एका गल्लीत, भाड्याच्या दोन खोल्या आणि वर छत, म्हणजे गच्ची. खाली पिठाची चक्की होती. सकाळी चक्की सुरू झाली की आमची फरशी थरथरायला लागायची, मांडणीवरच्या वाट्या एकमेकींवर आपटत बारीक किणकिणायच्या, आणि घरातला प्रत्येक जण चढ्या आवाजात बोलायला लागायचा. मग मध्येच वीज जायची, चक्कीचा पट्टा फडफडत थांबायचा, आणि आई एकदम सगळ्या गल्लीला ऐकू जाईल अशा आवाजात "अहो, तुमचा पायजमा वाळला!" असं ओरडलेली असायची. समोरचे गुप्ताजी खिडकीतून म्हणायचे, "मुबारक हो, पंडितजी!" दिवसभर गव्हाच्या गरम पिठाचा वास घरभर. पुढे कितीतरी भारी हॉटेलांतून राहिलो, पण सकाळी जाग आली की पहिल्यांदा मी तो वास शोधायचो आणि मग कुठे आहे ते आठवायचं.

बाबा सरकारी कचेरीत हेडक्लार्क होते. आमचे पूर्वज दख्खनमधून इकडे आले ते दरबारची चाकरी करायला. दरबार गेला, चाकरी गेली, इनामं तर आमच्या वाट्याला कधी आलीच नव्हती. मागे उरलं ते फक्त वळण. त्या वळणाचा बाबांना फार अभिमान. त्यातली मुख्य गोष्ट अशी, की पुढे केलेली वस्तू पहिल्यांदा घ्यायची नाही. पान असो, मिठाई असो, मानाची जागा असो, आधी "छे छे, कशाला" म्हणायचं. समोरच्याने पुन्हा म्हणायचं, आपण पुन्हा जरा मागे सरायचं, आणि मग त्याने फारच लावून धरलं की कपाळाला लावून घ्यायचं. बाबा आम्हाला समजावून सांगायचे, "पहिल्या शब्दाला हात पुढे केला की माणूस हावरा दिसतो, रे. आणि देणाऱ्यालाही पुन्हा म्हणायची संधी मिळाली पाहिजे. त्यात त्याचाही मान असतो." आमच्या शहरात हे सगळ्यांनाच ठाऊक होतं, मराठी काय नि हिंदी काय. सराफ्यातल्या दुकानात जाऊन बसलं की मालक विचारणार, "चाय मँगवाऊँ?" आपण म्हणणार, "अरे नहीं, अभी पीकर निकले हैं," आणि तोवर पोऱ्या चहा आणायला गेलेलाही असायचा. नाही म्हटल्यावर चहा येणार हे त्या नाहीतच धरलेलं असायचं. त्यात खोटेपणा आहे असं आम्हाला कधी वाटलं नाही. आजही वाटत नाही.

त्या हिवाळ्यात पुण्याचे काका आले. काका म्हणजे बाबांचे थोरले चुलतभाऊ, पुण्याच्या एका कॉलेजात संख्याशास्त्राचे प्राध्यापक. इथल्या कॉलेजात परीक्षक म्हणून त्यांना बोलावलं होतं, आणि काकूंना ग्वाल्हेर बघायचं होतं म्हणून त्याही बरोबर आल्या. कॉलेजने गेस्ट हाऊस देऊ केलं होतं, पण बाबांनी स्टेशनवरूनच त्यांना घरी आणलं. काका बारीक अंगाचे, टापटिपीचे, आणि स्वभावाने अगदी चांगले होते, हे मी आधीच सांगून ठेवतो, कारण पुढे वाचून कुणालाही त्यांचा राग येईल. मलाही आला होता, कित्येक वर्षं. आता येत नाही. राग धरायलाही अंगात जोर लागतो.

पहिल्याच सकाळी बाबांनी बाड्यावरून बेडई, म्हणजे डाळ भरलेल्या पुऱ्या, आणि जिलबी आणली. आईने काकांना वाढली, पुन्हा वाढायला गेली, काका म्हणाले, "नको." आता नको म्हटल्यावर वाढायची असते, म्हणून आईने दोन जिलब्या ताटात टाकल्या. काकांनी त्या जिलब्यांकडे पाहिलं, आईकडे पाहिलं, हात धुतले आणि उठले. जिलब्या ताटातच. आईचा चेहरा असा झाला की जणू तिच्या हातून ताट पडलं. काकू हसून म्हणाल्या, "सुमन, अगं, ह्यांचं नको म्हणजे नकोच असतं हो. आमच्याकडे सगळ्यांचंच." आई आणि त्या दुपारी बाजारात गेल्या, तिथे काकूंनी एक शाल हातात घेऊन विचारलं, "ही घेऊ का गं तुला?" आई म्हणाली, "अय्या, नको नको, मला कशाला!" काकूंनी शाल घडी करून दुकानदाराला परत दिली आणि पुढच्या दुकानात शिरल्या. आईने घरी येऊन हे ताईला आणि मला हसून हसून सांगितलं. "एकदा तर अजून म्हणायचं की नाही! रंग इतका सुंदर होता, काय सांगू." आम्ही पोट धरून हसलो. हसण्यावारी नेलं, तिथेच चुकलं.

आता ताईचं सांगतो. ताई म्हणजे शैला, माझ्याहून थोडी मोठी. नुकतीच बी.एस्सी. झाली होती, गणित घेऊन, आणि ते गणित तिला नुसतं येत नव्हतं, आवडत होतं. मी कॉलेजात पाऊल टाकलं होतं आणि मला गणित ना येत होतं ना आवडत होतं, तेव्हा तिच्या डोक्यात काय चालतं ते मला कधीच कळलं नाही, पण ती त्यात असली की दिसायचं. तिला पुढे संख्याशास्त्र शिकायचं होतं. तिला हवा तसा अभ्यास तेव्हा इथल्या कॉलेजात नव्हता, आणि बाहेर पाठवणं म्हणजे हॉस्टेल, परकं गाव, चार माणसांचं बोलणं. विषय निघायचा आणि मिटायचा. तोवर ती छतावर उन्हात गल्लीतल्या मुलींना शिकवायची. काका आले त्या दिवसांत मटार निवडायचे होते. ताईने सगळ्या मुलींना शेंगा सोलायला बसवलं आणि विचारलं, "सोलायच्या आधी सांगा, हिच्यात दाणे किती निघतील?" एक म्हणाली सात, एक म्हणाली पाच. मग शेंगा उघडत, दाण्यांची टोपली भरत, हिंदीतून, मध्येच मराठीतून, तिने त्या पोरींना सरासरी काय असते, अंदाज कसा बांधतात, तो किती चुकू शकतो, हे सगळं सांगितलं. काका पलीकडे उन्हात पेपर वाचत बसले होते. त्यांनी पेपराची घडी केली, स्टूल उचलून तिच्याजवळ आणलं आणि विचारलं, "आणि टोपलीत वरवरच्या शेंगा मोठ्या असतील तर?" ताई जरा थांबली आणि म्हणाली, "मग तर काका, आपण हात खालपर्यंत घालून काढायला पाहिजेत." काका हसले. मी त्यांना हसताना तेव्हा पहिल्यांदा पाहिलं. ते दोघं मग तिथेच बसून काय काय बोलत राहिले, मुली कंटाळून निघून गेल्या, आई खालून जेवायला हाका मारून थकली.

त्या दिवशी जेवताना काका बाबांना म्हणाले, "बाळ, शैलाला पुण्याला पाठव. आमच्याकडे राहील. मुलगा परदेशी गेल्यापासून त्याची खोली रिकामीच आहे. प्रवेशाचं मी बघतो. हिने शिकलं पाहिजे."

ताई कढी वाढत होती. पळी हातात तशीच राहिली. बाबांच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या; त्यांना फार आनंद झाला की व्हायच्या. मी त्यांच्या समोरच बसलो होतो, मला स्वच्छ दिसलं. आणि बाबा म्हणाले, "छे छे दादा, तुम्हाला कशाला त्रास! मुलीची जबाबदारी, तुमच्या गळ्यात कुठे टाकू?"

"त्रास कसला त्यात? पण तुझ्या मनात नसेल तर राहिलं," काका म्हणाले. "शैला, मला कढी."

ताईने कढी वाढली. आम्हा कुणालाही काळजी वाटली नाही. काळजी कसली, घरात तर सण होता! काका पुन्हा विचारणार, बाबा जरा आढेवेढे घेणार, मग हो म्हणणार, हे आम्ही धरूनच चाललो होतो. आईने त्याच दुपारी पेटी उघडून कुठल्या चादरी द्यायच्या ते बाजूला काढायला सुरुवात केली. बाबा संध्याकाळी कचेरीतून येताना रबडी घेऊन आले, निमित्त काही नाही. ताई मला जिन्यात गाठून म्हणाली, "गुड्डू, मी गेले की छतावरच्या पोरींचं काय? तू शिकवशील?" मी म्हटलं, "मी? त्या मलाच शिकवतील." ती इतकी हसली की कठड्याला धरून उभी राहिली. ताईला मी पुढे कितीदा तरी हसताना पाहिलंय, ती काही रडकी बाई नाही. पण जिन्यातलं ते हसू मी नंतर पाहिलं नाही, आणि हे लिहितानाही मला वाईट वाटतंय.

दिवस जाऊ लागले आणि काका काही विचारेनात. बाबा त्यांना संधी देत राहिले. एका सकाळी किल्ल्यावर घेऊन गेले, दोघंच. परत आल्यावर आईने डोळ्यांनीच विचारलं. बाबा म्हणाले, "तटाची उंची विचारत होते." मग हजिऱ्याला तानसेनच्या समाधीवर नेलं. तिथून येतायेता म्हणे बाबांनी मुद्दाम विषय काढला, "आमच्या शैलाला तर अभ्यासाचं वेडच आहे, दादा." काका म्हणाले, "हुशार आहे पोरगी," आणि तिथल्या चिंचेच्या झाडाबद्दल बोलू लागले. आई म्हणायची, "आज विचारतील." दुसऱ्या दिवशी म्हणायची, "जाताना विचारतील, मोठ्या माणसांची रीतच असते." ताईने विचारणं सोडलं. ती नुसती वाढायची, भांडी घासायची, आणि काका बोलायला लागले की तिचा हात जरा मंद व्हायचा. मला ते बघवेना. मी बाबांना म्हटलं, "तुम्हीच सांगून टाका ना. सरळ म्हणा, पाठवतो." बाबा माझ्यावर उखडले. "काय म्हणू? आधी नको म्हणालो, आता द्या? भीक मागायला बसलोय का आपण?" त्यांचा आवाज चक्कीच्याही वर गेला. मग स्वतःच खाली बसले आणि म्हणाले, "विचारतील रे. आपलंच माणूस आहे."

निघायच्या दिवशी सकाळी आई स्वयंपाकघरात पुऱ्या तळत होती आणि गजकाचे, तिळाच्या मिठाईचे, पुडे बांधत होती. मी तिथेच काकूंच्या वळकटीचे पट्टे आवळत होतो. काकू निरोप घ्यायला आत आल्या आणि आईने झारा खाली ठेवला. "जाऊबाई, एक सांगू? रागावू नका. ते शैलाचं, दादांना म्हणा ना, यांना परत एकदा विचारा."

काकूंनी तोंडावर हातच ठेवला. "अगं बाई! पण भावोजी तर नको म्हणाले ना?"

"ते पहिल्यांदाचं नको होतं हो."

काकू पाटावर बसल्या. "आणि आमचे हे रोज मला म्हणतायत, बाळने पोरीला का अडवलंय कळत नाही, पण ज्याचं त्याचं घर, आपण बोलू नये. अगं, मला तर तिला आत्ता घेऊन जायचंय!"

"तुम्ही फक्त त्यांना म्हणा, सहज विचारल्यासारखं विचारा. बस. माझं नाव नका घेऊ हं, तुम्हाला माझी शपथ."

"नाही घेत गं," काकू म्हणाल्या, आणि डोळे पुसत बाहेर गेल्या. आईने माझ्याकडे पाहिलं. तिचाही जीव भांड्यात पडला होता, माझाही. बाहेरच्या खोलीत गुप्ताजी आणि त्यांची बायको निरोप द्यायला येऊन बसले होते. रिक्षा खाली उभी होती. ताई पाण्याचा थर्मास भरून दारात आली. काकूंनी काकांना कोपऱ्यात नेऊन काही सांगितलं. काकांनी मान हलवली, खोलीच्या मध्यावर आले, वाकून बुटाची नाडी बांधून सरळ झाले आणि सगळ्यांसमोर म्हणाले, "बाळ, ही म्हणते, सुमनने हिला सांगितलं की तुमची शैलाला पाठवायची इच्छा आहे. मग त्या दिवशी नको का म्हणालास? तेव्हा खोटं बोललास का? हो की नाही ते एकदा स्पष्ट सांग, म्हणजे मला पुढची व्यवस्था करता येईल."

काकूंनी त्यांची बाही ओढली. काकांना कळलंच नाही. त्यांच्या दृष्टीने त्यांनी सगळ्यात सोपी, सगळ्यात सरळ गोष्ट केली होती.

पुढे माझ्या धंद्यात मी हा नियम नव्या पोरांना पहिल्याच दिवशी सांगत असे. व्हरांड्यात कुणी कानात सांगितलेलं टेबलावर आणायचं नाही. आणलंच तर सांगणाऱ्याचं नाव कधी घ्यायचं नाही. समोरच्या शिष्टमंडळातला दुय्यम अधिकारी चहा पिताना म्हणतो, आमचे साहेब एवढ्यावर राजी होतील. आपण ते ऐकायचं, आणि आत जाऊन जणू आपल्यालाच आत्ता सुचलं अशा थाटात तेवढंच मागायचं. आमच्यातल्या एकाने एकदा आत जाऊन नाव घेतलं. समोरचे साहेब जे ताठ झाले ते झालेच, जे मिळणार होतं तेही गेलं. सगळे विचारत होते, यांना एकदम काय झालं? मला माहीत होतं काय झालं. मी आमच्या बाहेरच्या खोलीत बाबांचा चेहरा पाहिला होता.

बाबांनी आधी आईकडे पाहिलं. आई दारात पिठाच्या हातांनी उभी होती. मग गुप्ताजींकडे पाहिलं. गुप्ताजी बिचारे शिष्टाचाराचं कारण देऊन सावरायला गेले, "अरे प्रोफ़ेसर साहब, ये तो तकल्लुफ़ में कह गए होंगे!" आणि मोठ्याने हसले. झालं. उरलीसुरली वाटही बंद झाली. आता हो म्हणणं म्हणजे शेजाऱ्यांच्या देखत कबूल करणं, की मी तोंडाने नको म्हणालो आणि मागून बायकोला मागायला पाठवलं.

"नाही दादा," बाबा म्हणाले. "काहीतरी गैरसमज झालाय. हिला काय कळतं. शैलाला पाठवायचं नाही."

"बरं," काका म्हणाले. त्यांना मनापासून वाईट वाटलेलं दिसत होतं. ते ताईकडे बघून काही बोलणार होते, पण ज्याचं त्याचं घर म्हणून गप्प बसले असावेत. ताई पुढे झाली आणि तिने थर्मास काकूंच्या हातात दिला. "पाणी गरम आहे, झाकण सांभाळून उघडा," म्हणाली. काकू रडत होत्या. मग ते गेले.

बाबा आईशी कितीतरी दिवस बोलले नाहीत. आई चादरी पेटीत परत ठेवताना रडली, ते ताईनेच पाहिलं आणि तिनेच तिला गप्प केलं. आणि बाबांचं काय सांगू! बाबा वाट बघत होते. अजूनही! पोस्टमन आला की जिन्यापर्यंत जायचे. काकांचं पत्र आलं, पोचल्याचं, गजक उत्तम होता, आदरातिथ्याबद्दल आभार. बाबांनी ते उलटसुलट करून पाहिलं. एवढा मोठा माणूस, कचेरीत सगळे त्यांना मानायचे, आणि त्यांना कळत नव्हतं की पुण्यात 'नाही' म्हणजे 'नाही' असतं. नाही, कळत होतं. पण हात पुढे करायचा कसा, ते कुणी त्यांना शिकवलं नव्हतं. मला त्यांची दया यायची आणि संतापही यायचा, दोन्ही एकाच वेळी.

ताईने बी.एड. केलं आणि मुलींच्या एका शाळेत लागली. टेम्पोत खेटून बसून जायची, खडूने पांढरे झालेले हात घेऊन यायची. लग्नाचं एकदोनदा निघालं, जमलं नाही, तिनेही फार मनावर घेतलं नाही. मी मात्र परीक्षा दिली, नोकरीला लागलो, गेलो. मला पाठवायचं की नाही हा प्रश्नच आमच्या घरात आला नाही. मी म्हटलं जातो, आईने डबा दिला. माझं नाव जे झालं ते एकाच गोष्टीवर झालं, की हा माणूस पहिल्या 'नाही'ला उठत नाही. शब्द बदलून पुन्हा विचारतो, चहा पाजून पुन्हा विचारतो, आणि समोरच्याला वाटेल की माघार आपण घेतलीच नाही, अशी त्याला वाट करून देतो. वरिष्ठ म्हणायचे, कुठून शिकलास? मी म्हणायचो, अनुभव, सर. कुणाला काय सांगणार, जिलब्यांची गोष्ट?

दिल्लीला मला सरकारी घर मिळालं तेव्हा माझं लग्न व्हायचं होतं. मी सुट्टी काढून ग्वाल्हेरला गेलो ते एकच ठरवून. रविवारची सकाळ होती. ताई जमिनीवर बसून सहामाहीचे पेपर तपासत होती, बाबा खुर्चीत वर्तमानपत्र घेऊन. आई आत होती. मी प्रस्तावना केली नाही.

"ताई, दिल्लीला चल. घर मोठं आहे. तुला हवा तो विषय तिथे आहे, मी चौकशी करून आलोय. माझ्याकडे राहा आणि शिक."

"नको," ती म्हणाली.

मी आमच्याच घरातला. मी हसलो. म्हटलं, "नको काय? अजून काही वय गेलं नाही. शाळेतून रजा मिळेल, मी बोलतो."

"नको रे, गुड्डू."

बाबांनी वर्तमानपत्र खाली ठेवलं. "जा की गं," ते म्हणाले. "तो एवढं म्हणतोय." मला तेव्हा कळलं की काकांनी जे करावं म्हणून बाबा इतकी वर्षं वाट पाहत होते, तेच आता बाबा स्वतः करत होते. मी ताईजवळ खाली बसलो, तिच्यापुढचे पेपर बाजूला सारले आणि म्हटलं, "हे बघ, तू येत नाहीस तोवर मी इथून हलत नाही. चल. माझ्यासाठी चल."

"मान ठेव बेटा त्याचा," बाबा म्हणाले. "पुन्हा पुन्हा विचारतोय बिचारा."

ताईने लाल पेनला टोपण लावलं. ती चिडलेली नव्हती. "बाबा, तेव्हा काकांनी तुम्हाला विचारलं," ती म्हणाली. "तुम्ही त्यांना उत्तर दिलंत. आई काकूंशी बोलली, काकू काकांशी बोलल्या. गुप्ताजीसुद्धा बोलले. मी तिथेच उभी होते. मला कुणी विचारलं? एकानेही नाही. तेव्हा विचारलं असतं तर मी धावत गेले असते. आज गुड्डूने विचारलं. पहिल्यांदा कुणीतरी मला विचारलं, आणि मी सांगितलं, नको. आता हे तरी तुम्ही दोघं माझं म्हणून ऐकून घ्याल की नाही?"

तिने बाजूला सारलेले पेपर पुन्हा ओढून घेतले. बाबा माझ्याकडे बघत राहिले, आता तरी मी काहीतरी म्हणेन म्हणून. मी पुन्हा विचारलं नाही.